वर्तुळ कुठं गेलं?

आमच्या गावाच्या नावातच आकडा आहे. नवलाख उंबरे. तळेगाव दाभाडे स्टेशनला उतरून गावाचं नाव सांगितलं की नवा माणूस विचारतोच, "खरंच नऊ लाख?" उंबरे म्हणजे उंबराची झाडं धरा नाहीतर घरांचे उंबरठे धरा, नऊ लाख कुणी मोजले असतील असं वाटत नाही. पण नाव टिकलं. आकडा एकदा नावात शिरला की तो कुठून आला हे कुणी विचारत नाही. पुढं कामातही मला हे बऱ्याचदा दिसलं.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. रोज हिंजवडीला जातो. माझं काम पडद्यामागचं, म्हणजे बॅकएंडचं. आकडे साठवायचे, मागितले की द्यायचे. त्यांचं चित्र काढणं हा माझा प्रांत नव्हता. मागच्या वर्षी टीममधला डॅशबोर्ड करणारा मुलगा नोकरी सोडून गेला आणि त्याचं काम माझ्या गळ्यात पडलं. त्यानं ते डी-थ्री नावाच्या जावास्क्रिप्ट लायब्ररीत केलं होतं. मला ती येत नव्हती. मग रात्री जेवणं झाली की लॅपटॉप घेऊन शिकायला बसू लागलो.

त्या शिकण्यात एक ओळ मला अडली. कोड म्हणून ती दोन मिनिटांत समजली. माणसांच्या बाबतीत तिचं काय करायचं, हे ठरवायला मात्र बरेच महिने गेले. हा लेख त्या ओळीबद्दल आहे.

०००

आधी डी-थ्रीबद्दल थोडक्यात. २०११ साली स्टॅनफर्ड विद्यापीठातल्या माइक बोस्टॉक, जेफ्री हीअर आणि वदिम ओगिएवेत्स्की या तिघांनी ती जगापुढं मांडली. नावातले तीन डी म्हणजे डेटा-ड्रिव्हन डॉक्युमेंट्स. डेटा बदलेल तसा बदलणारा दस्तऐवज. इतर लायब्रऱ्यांना 'बार चार्ट काढ' म्हटलं की त्या काढून देतात. डी-थ्री तसं करत नाही. ती तुम्हाला वर्तुळ, रेघ, आयत देते आणि सांगते, यातल्या प्रत्येकाला तुमच्या यादीतली एकेक नोंद बांधा. हे बांधणं जमलं की डी-थ्री निम्मी आली. त्याला डेटा जॉइन म्हणतात.

मला तो पंगतीवरून समजला. तुमच्याकडे जेवणाऱ्यांची यादी आहे आणि अंगणात पाट मांडलेले आहेत. यादीत माणूस आहे पण पाट नाही, तर नवा पाट मांडायचा. याला एंटर म्हणतात. माणूसही आहे आणि पाटही आहे, तर पानात काय हवं-नको ते बघायचं. हे अपडेट. पाट आहे, पण त्या पाटाचा माणूस यादीत उरला नाही, तर ते एक्झिट. आणि मग ती ओळ येते: एक्झिट डॉट रिमूव्ह. पाट उचला.

शिकताना बोस्टॉकचं एक जुनं उदाहरण सगळ्यांनाच भेटतं. पडद्यावर इंग्रजी अक्षरं येतात-जातात. येणारी अक्षरं हिरवी असतात, आधीपासूनची काळी, आणि जाणारी लालसर होऊन खाली पडत विरून जातात. बघायला इतकं छान वाटतं की मी ते पंधरा मिनिटं नुसतंच बघत बसलो होतो.

शिकवण्यांमधला डेटा मात्र परक्या मुलखातला असतो. अमेरिकेतल्या गाड्या एका गॅलनला किती मैल जातात, अंटार्क्टिकातल्या पेंग्विनची चोच किती लांब, 'ले मिझेराब्ल' कादंबरीतली कुठली पात्रं एकत्र येतात. दोन-तीन आठवड्यांत कंटाळा आला. आपलं काहीतरी घ्यावं असं वाटलं. घरात डेटा म्हणता येईल अशी एकच गोष्ट होती. पत्र्याच्या ट्रंकेतली सातबाऱ्याची फाईल.

०००

सातबारा तुम्ही पाहिला असेलच, निदान वडिलांच्या व्हॉट्सॲपवर पीडीएफ म्हणून. गाव नमुना सात आणि गाव नमुना बारा. सातवर जमीन कुणाच्या नावावर आहे ते, बारावर तिच्यात काय पिकतं ते. हल्ली पंधरा रुपये भरले की डिजिटल सहीचा उतारा मोबाईलवर मिळतो. पण तो आजचा उतारा. जमीन एका नावावरून दुसऱ्या नावावर कशी गेली, ही गोष्ट नमुना सहामध्ये असते, म्हणजे फेरफारात. बाबांनी आमच्या एका गटाचे अकरा फेरफार नकला काढून ठेवले होते. कुणाची वारस नोंद, कुणाची वाटणी, कुठं सोसायटीच्या कर्जाचा बोजा चढलेला, कुठं उतरलेला.

मी ते अकरा फेरफार एका तक्त्यात भरले. वर्ष, नाव, क्षेत्र, कारण. पडद्यावर खाली वर्षांचा स्लायडर आणि वर माणसांची वर्तुळं. ज्याची जमीन जास्त त्याचं वर्तुळ मोठं. स्लायडर ओढला की पणजोबांचं एकच मोठं वर्तुळ जाऊन आबा आणि त्यांच्या भावाची दोन वर्तुळं येतात, वाटणीनंतर आबांचं एकटं उरतं, मग त्यांची मुलं. एका रविवारचं काम, असं वाटलं होतं. दीड महिना लागला. वेळ कोडमध्ये फारसा गेला नाही. प्रत्येक पायरीवर कोडनं मला असा एकेक प्रश्न विचारला ज्याचं उत्तर फाईलमध्ये नव्हतं.

पहिला प्रश्न 'आर'चा. सातबाऱ्यावर क्षेत्र हेक्टर आणि आरमध्ये असतं. एक आर म्हणजे शंभर चौरस मीटर, गुंठ्याच्या जवळपास. आणि वर्तुळ काढताना कोडमध्ये जो 'आर' लिहायचा असतो तो म्हणजे त्रिज्या. मी सातबाऱ्यावरचा आर उचलून कोडच्या आरमध्ये टाकला. चित्र आलं, पण खोटं आलं. त्रिज्या दीडपट केली की वर्तुळाचं क्षेत्रफळ सव्वादोनपट होतं. ज्याची जमीन दीडपट आहे तो चित्रात सव्वादोनपट जमीनदार दिसत होता. डी-थ्रीत यासाठी वर्गमुळाची स्केल आहे. ती लावली की प्रत्येकाच्या वाट्याला जमिनीएवढीच शाई येते. आकडे सगळे बरोबर असूनही चित्र खोटं बोलू शकतं, हा माझा पहिला धडा.

दुसरा प्रश्न 'सामाईक'चा. आबा २००९ साली गेले. आजी आधीच गेली होती. वारस नोंदीत तीन नावं लागली: बाबा, आत्या, काका. क्षेत्र एक हेक्टर वीस आर, म्हणजे सुमारे तीन एकर, सगळं सामाईक. कुणाचं किती हे उताऱ्यावर वेगळं लिहिलेलं नाही. पण वर्तुळाला आकडा लागतो. 'सामाईक' असं वर्तुळ काढता येत नाही. मी तीन समान भाग केले, प्रत्येकी चाळीस आर, आणि पुढं गेलो. त्या वेळी मी फार विचार केला नाही. पण घरात तोवर कुणीही, कधीही, तोंडानं म्हटलं नव्हतं की आत्याचे चाळीस आर आहेत. ते पहिल्यांदा म्हटलं माझ्या कोडनं.

तिसरा प्रश्न 'की'चा. की म्हणजे वर्तुळानं आपला माणूस कशावरून ओळखायचा ती खूण. ती दिली नाही तर डी-थ्री क्रमांकानं जोडते. पहिला पाट पहिल्या माणसाचा, दुसरा दुसऱ्याचा. २०१० साली आत्याचं नाव यादीतून कमी झालं. तिचं नाव तिघांत मधलं. मी स्लायडर ओढला तर पडद्यावरून गेलं काकांचं वर्तुळ, आणि आत्याच्या वर्तुळात काकांचं नाव येऊन बसलं.

आमच्या गावात हा प्रकार समजावून सांगायला लागत नाही. गावाच्या हद्दीत एमआयडीसीत मोटारींचा एक मोठा कारखाना आहे. २००८ साली जनरल मोटर्सनं तिथं उत्पादन सुरू केलं, २०२०च्या डिसेंबरात ते थांबलं. मधे एका चिनी कंपनीशी बोलणी झाली, ती फिसकटली. २०२३ मध्ये ह्युंदाईनं तो घेण्याचा करार केला. भिंती त्याच, शेड तीच, गेटवरची पाटी बदलली. क्रमांकानं जोडणाऱ्याला काहीच घडलेलं दिसणार नाही. तोच प्लॉट, नवा डेटा. जो माणूस तिथं रोज पाळीला जात होता त्याला विचारा, तोच कारखाना आहे का म्हणून.

मग मी नाव हीच की दिली. तर आणखी गंमत. वारस नोंदीत आत्याचं माहेरचं नाव होतं, पुढच्या नोंदीत दुरुस्ती होऊन सासरचं. संगणकाच्या लेखी या दोन बाया. स्लायडर ओढला की एक आत्या विरून जायची आणि तिच्या शेजारी दुसरी उगवायची. काकांच्या बाबतीत असं होणं शक्य नव्हतं, बाबांच्याही नाही. पुरुषाचं नाव जन्मापासून मरेपर्यंत तेच. शेवटी प्रत्येक माणसाला मी माझ्या हातानं एकेक क्रमांक दिला. या दोन नावांची बाई एकच आहे, हे कुठल्या एका रकान्यात नव्हतं. ते घरच्या माणसालाच माहीत होतं.

०००

आणि चौथा प्रश्न एक्झिटचा. ती अडलेली ओळ हीच.

२०१० मध्ये आत्यानं हक्कसोडपत्र केलं. वडगावला जाऊन रजिस्टर झालं. तेव्हा मी शाळेत होतो. मला आठवतं ते एवढंच की त्या दिवशी आत्या चाकणच्या पुढून, खेड तालुक्यातल्या तिच्या गावाहून, एसटीनं आली होती. बाबांनी तिला साडी घेतली आणि संध्याकाळी घरी पुरणपोळी होती. मला वाटलं, सण आहे.

माझ्या चित्रात तो दिवस साडेसातशे मिलिसेकंदांचा होता. वर्तुळ एकदम नाहीसं झालं तर डोळ्याला टोचतं, म्हणून ट्रान्झिशन लावायचं असतं. मी लावलं. आत्याचं वर्तुळ लहान होत होत ठिपका होतं आणि जातं, आणि त्याच पाऊण सेकंदात बाबा आणि काका चाळीस आरवरून साठ आरवर फुगतात. फार मऊ, फार सुंदर हालचाल. कोडमधला तो तुकडा मला सगळ्यात जास्त जमला होता.

भाऊबीजेला आत्या आली. ओवाळून झालं, मी तिला मोबाईलवर चित्र दाखवलं. तिनं चष्मा लावला. पणजोबांचं नाव वाचून हसली. मग स्लायडर २०१०वरून पुढं गेला.

"माझं कुठं गेलं?"

"तिथं तुझं नाव कमी झालं ना आत्या, हक्कसोडमध्ये."

"मागं घे."

मी स्लायडर मागं घेतला. वर्तुळ आलं. पुढं नेला. गेलं. तिनं माझ्या हातातून मोबाईल घेतला आणि स्वतःच्या बोटानं तीन-चार वेळा मागं-पुढं केलं. बाबा समोर बसले होते. टीव्ही चालू होता.

"कमी झालं नाही रे," आत्या म्हणाली. "मी दिलं होतं."

मोबाईल मला परत देऊन ती चहा टाकायला आत गेली.

०००

माझं चित्र चुकीचं होतं का? आकडे बरोबर होते. फेरफार क्रमांक बरोबर, तारीख बरोबर, क्षेत्र बरोबर. कायद्यानंही सगळं बरोबर होतं. मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाच्या बरोबरीनं हक्क महाराष्ट्रात १९९४ च्या दुरुस्तीनं आला, देशभर २००५ च्या. ऑगस्ट २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं विनीता शर्मा खटल्यात स्पष्ट केलं की हा हक्क जन्मानं मिळतो, त्यासाठी २००५ साली वडील हयात असण्याची अट नाही. आणि ज्याला हक्क आहे त्याला तो सोडताही येतो. आत्यावर कुणी जबरदस्ती केली नाही. नोंद मंजूर होण्याआधी हरकतीला पंधरा दिवसांची मुदत असते, तीही होती. तिनं हरकत घेतली नाही. मराठी घरात बहीण भावांविरुद्ध हरकत घेत नाही. घेतली तर माहेरचा रस्ता बंद होतो, हे तिला कुणी सांगावं लागत नाही.

तरी चित्र चुकीचं होतं. कारण 'देणं' आणि 'नाहीसं होणं' यांत त्यानं फरक केला नव्हता. जमीन कुठंच गेली नव्हती. आत्याचे चाळीस आर बाबांकडे वीस आणि काकांकडे वीस असे गेले होते. माझ्या चित्रात मात्र एक बाई आपोआप विरली आणि दोन पुरुष आपोआप वाढले. कुणी कुणाला काही दिलं, असं त्यात कुठंच नव्हतं. देणाऱ्याला पुसलं की घेणाऱ्याचं घेणंही पुसलं जातं. त्या मऊ हालचालीचा फायदा आत्याला नव्हता, आम्हाला होता.

गंमत अशी की ज्या महसुली कागदाला आपण नावं ठेवतो तो याबाबतीत माझ्या कोडपेक्षा प्रामाणिक आहे. जुन्या हस्तलिखित सातबाऱ्यावर नाव कमी करताना ते खोडत नसत. त्याला कंस करायचे आणि शेजारी फेरफार क्रमांक टाकायचे. २०२० मध्ये सातबाऱ्याचा नमुना बदलला. आता कंसाऐवजी नावावर आडवी रेष येते. दोन्हींत खालचं नाव वाचता येतं. हा इथं होता आणि या नोंदीनं गेला, एवढं तरी कागद सांगतो. तलाठ्याचा एक्झिट रिमूव्ह नसतो.

डी-थ्रीवर खापर फोडायचं कारण नाही. पूर्वीच्या आवृत्त्यांत पुसण्यासाठी ती एक ओळ तुम्हाला स्वतः लिहावी लागे. विसरलात तर जुनी वर्तुळं पडद्यावर तशीच राहत आणि नवशिके वैतागत. मग सोयीसाठी 'जॉइन' आलं. ते एका झटक्यात नव्यांना आणतं आणि गेलेल्यांना स्वतःहून पुसतं. सोय चांगलीच आहे. पण आधी पुसायला एक ओळ लिहावी लागत होती, आता न पुसायला लिहावी लागते. आपल्यातले बहुतेक जण बहुतेक वेळा ती जास्तीची ओळ लिहीत नाहीत. वाईट हेतूनं नव्हे, रात्रीचे साडेअकरा वाजलेले असतात म्हणून.

चित्र काढणाऱ्यांनी ही जास्तीची ओळ लिहिल्याची उदाहरणंही आहेत. १८६९ मध्ये शार्ल मिनार या फ्रेंच इंजिनिअरनं नेपोलियनच्या रशियावरच्या स्वारीचा नकाशा केला. सैन्य म्हणजे एक जाड पट्टा. मॉस्कोकडे जाताना तो बारीक होत जातो, परतताना दोऱ्यासारखा उरतो. जाड आणि बारीक पट्टे एकाच कागदावर आहेत, म्हणून न परतलेली माणसं दिसतात. १९०० साली पॅरिसच्या प्रदर्शनासाठी डब्ल्यू. ई. बी. डू बॉइस यांनी अटलांटा विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांना आणि माजी विद्यार्थ्यांना घेऊन हातानं रंगवलेले तक्ते केले. त्यातला एक जॉर्जिया राज्यातल्या काळ्या माणसांच्या मालकीच्या जमिनीचा होता, एकरांत, वर्षावर्षानं. काही दशकांपूर्वी ज्यांची स्वतःचीच गणती मालमत्तेत होत होती, त्यांच्या नावावर आता जमीन आहे, हे त्या पट्ट्या सांगत होत्या. कुणाला कागदावर आणायचं, हे चित्र काढणाऱ्याच्या हातात असतं. ते आकडे ठरवत नाहीत.

०००

मी कोड बदलला. एक्झिट झाल्यावर वर्तुळ पुसायचं नाही. त्याचा रंग काढायचा, कडा तुटक रेघेची करायची, आत नाव आणि फेरफार क्रमांक ठेवायचा, आणि ज्यांच्याकडे जमीन गेली त्यांच्यापर्यंत एकेक बारीक रेघ ओढायची. चार-पाच ओळींचं काम. मला वाटलं, सुटला प्रश्न. माणूस पुसायचा नाही, हे तत्त्व सापडलं.

ते तत्त्व आठवडाभरच टिकलं. आमच्या बांधाला बांध असलेल्या एका काकांनी चित्र पाहिलं आणि "आमचं पण कर" म्हणाले. मी त्यांचेही फेरफार भरले. त्यांचं वर्तुळ तीन टप्प्यांत लहान झालं, प्रत्येक वेळी एक तुटक कडा मागं ठेवून. पहिली मुलीच्या लग्नाची, दुसरी दवाखान्याची, तिसरी कशाची ते त्यांनी सांगितलं नाही. ते बराच वेळ बघत राहिले. मग म्हणाले, "हे कुणाला दाखवू नको. गेलं ते गेलं."

यातलं काहीही गुप्त नाही. गट क्रमांक माहीत असलेला कुणीही ते बघू शकतो. तरी काका बरोबर होते. कपाटातल्या नोंदवहीत असणं वेगळं आणि बोटाच्या एका ओढीनं सगळ्या वाडीपुढं उलगडणं वेगळं. २०१४ मध्ये युरोपच्या न्यायालयासमोर असंच एक प्रकरण होतं. स्पेनमधल्या एका माणसाच्या मालमत्तेच्या, थकबाकीपायी काढलेल्या लिलावाची जुनी जाहिरात त्याचं नाव गुगलवर टाकलं की वर यायची. कर्ज फिटून वर्षं झाली होती. न्यायालयानं सांगितलं की वर्तमानपत्रातली बातमी तिथंच राहील, पण शोधाच्या यादीतून ती काढायला हवी. नोंद ठेवा, मिरवू नका, असा मी त्याचा अर्थ लावला. काकांची वर्तुळं मी काढून टाकली. तिथं एक्झिट डॉट रिमूव्ह हेच योग्य होतं.

म्हणजे आत्याला पुसलेलं नको होतं आणि काकांना राहिलेलं नको होतं. कधीही पुसू नका किंवा नेहमी पुसा, यातला कुठलाही नियम मला वाचवू शकला नाही. दोघांत सारखी गोष्ट एकच: मी आधी दोघांनाही विचारलं नव्हतं. आत्याला विचारलं नाही कारण लायब्ररीनं पुसायची सोय आयती दिली होती. काकांना विचारलं नाही कारण मला माझं नवं तत्त्व फार आवडलं होतं. आता मला वाटतं, माणसांचं चित्र काढणाऱ्यानं एक्झिटची ओळ लिहिण्याआधी निदान एकदा त्या माणसाला फोन करावा. लाखो नोंदी असतील तर ते जमणार नाही, हे मलाही कळतं. पण तेव्हाही एवढं तरी लक्षात ठेवावं की आपण विचारलेलं नाही.

०००

भाऊबीजेच्या रात्री आत्या गेल्यावर बाबांनी टीव्ही बंद केला आणि विचारलं, "तिचं किती झालं असतं?"

"चाळीस आर. एकरभर."

"ते मला माहीत आहे," बाबा म्हणाले आणि झोपायला गेले.

हा लेख इथं संपवता आला असता. पण मग मीही तेच केलं असतं, हालचाल मऊ केली असती. तुटक कडेचं वर्तुळ काढल्यावर मला हलकं वाटलं होतं. त्या हलकेपणाचा मला आता संशय येतो. चित्रात आत्या परत आली, सातबाऱ्यावर नाही. साठ आरचे साठ आर जागच्या जागी आहेत, आणि उद्या बाबांच्या जागी माझं वर्तुळ येईल तेव्हा त्यात तिचे वीस आर असतील. ते आता कसे फिरवायचे, यावर बाबा आणि काका दोनदा बोलले आहेत. काकांना दोन मुलं आहेत आणि भाव आता गुंठ्यावर बोलला जातो. बोलणं पुढं सरकलेलं नाही.

दिवाळीनंतर ताई माहेरी आली. तिचं लग्न गेल्या मे महिन्यात झालं. तिला नवं चित्र दाखवलं. तुटक कड, बारीक रेघा, सगळं. तिनं शेवटपर्यंत स्लायडर ओढला. पुढच्या पिढीसाठी मी फिकट रंगात काही वर्तुळं काढून ठेवली होती: मी आणि काकांची दोन मुलं.

"यात मी कुठं आहे?" तिनं विचारलं.

मी म्हणालो, अजून वाटणी झाली नाही, म्हणून. ती म्हणाली, तुझी पण झाली नाही.

घरात आधीपासून बोलणं होतं की वाटणीच्या वेळी ताईचीही सही घेऊन टाकू, म्हणजे पुढं कटकट नको. मी ते ऐकलं होतं आणि त्याला काही म्हटलं नव्हतं. त्याहून वाईट म्हणजे यादी भरताना माझ्या हाताला ताईचं नाव सुचलंच नाही. आत्याचा निदान एक्झिट झाला. तिचं वर्तुळ होतं, म्हणून ते कुठं गेलं असं विचारता आलं. ताईचा एंटरच झाला नव्हता. डेटा जॉइनमध्ये तीन गट आहेत: येणारे, असलेले आणि जाणारे. जे यादीतच आले नाहीत त्यांच्यासाठी चौथा गट नाही. असूही शकत नाही. पंगतीचा हिशोब पाटांचा असतो. आत चुलीपाशी उभं राहून जी वाढते आणि सगळ्यांचं झाल्यावर जेवते, तिचं नाव यादीत नसतं आणि तिचा पाटही मांडलेला नसतो. कोणतीही लायब्ररी ती उणीव दाखवू शकत नाही. ते यादी करणाऱ्याचं काम आहे.

त्या रात्री मी ताईचं नाव तक्त्यात भरलं. दुसऱ्या दिवशी सकाळी चहाच्या वेळी बाबांना सांगितलं की वाटणी होईल तेव्हा ताईची सही मागायची नाही, आणि कुणी मागितली तर मी माझीही करणार नाही. बाबा काही बोलले नाहीत. आई म्हणाली, "आत्याचं काय मग?"

तेच तर. कोडमध्ये आत्याला परत आणायला चार-पाच ओळी लागल्या. खरं काही फिरवायचं तर बाबांना, काकांना आणि मला एक दिवस सुट्टी काढून वडगावला जावं लागेल. नवलाख उंबऱ्याहून वडगाव काही लांब नाही.